नात्याचा रकाना

मी आयुष्यभर टायपिंग केलं. हजारो पत्रं या बोटांखालून गेली असतील, पण त्यांतली दोनच मला अजून शब्दन् शब्द आठवतात, आणि दोन्ही माझ्याचविषयी होती. एकात लिहिलं होतं की मी एका माणसाची कोणी लागत नाही. दुसऱ्यात लिहिलं होतं की मी त्याची बहीण आहे. दोन्हींखाली सही त्याच माणसाची. आणि त्या सगळ्या काळात माझा पगार बंद होता, हे मुख्य.

तेव्हा मी नगरला एका कंपनीत टायपिस्ट होते. मनमाड रस्त्याला औद्योगिक वसाहत नुकती कुठं उभी राहत होती. निम्मे प्लॉट रिकामेच, त्यांत बाभळी माजलेल्या आणि शेरडं चरायची. आमची कंपनी पाण्याच्या पंपांचे सुटे भाग करायची. ऑफिस म्हणजे पत्र्याची एक लांबट खोली, चैत्र लागला की नुसती भट्टी. तिथं दोन टाइपरायटर होते, एक इंग्रजी, एक मराठी. मराठी मशीनची एक दांडी नेहमी अडकायची आणि ती करंगळीनं उचलून पुढचं अक्षर मारावं लागायचं. ते फक्त मला जमायचं, म्हणून सरकारशी होणारा सगळा पत्रव्यवहार माझ्याच गळ्यात पडलेला.

कंपनीचे व्यवस्थापक, ज्यांना सगळे साहेब म्हणायचे, ते माझे दादा. सख्खे नव्हेत. चुलत, मावस, आते, मामे, यांतलेही कुठले नव्हेत. ते श्रीगोंद्याकडच्या शेतकरी मराठा घरातले, आणि आम्ही नगरचे ख्रिस्ती. माझे वडील मिशनच्या शाळेत मास्तर होते. दादा मॅट्रिकला त्यांच्या हाताखाली होता आणि गावाकडून रोज येणं-जाणं शक्य नव्हतं म्हणून दोन वर्षं आमच्या ओसरीवर राहून शिकला. ख्रिस्त्याच्या घरी जेवतो म्हणून त्याच्या आईनं पहिले सहा महिने त्याच्याशी बोलणं टाकलं होतं. तो जेवायचा मात्र पोटभर.

पहिल्या वर्षी दिवाळीत त्याला हिवताप आला आणि गावी जाता आलं नाही. भाऊबीजेच्या दिवशी तो गोधडी पांघरून ओसरीवर पडला होता. मी आठ वर्षांची. शेजारच्या पोरी तबकं घेऊन आत-बाहेर करत होत्या, ते बघून तो म्हणाला, मला तसंही ओवाळायला कोणी नाही, घरी असतो तरी नसतंच. मला त्याची इतकी दया आली की मी आईकडं हट्ट धरला. आई म्हणाली, आपल्यात न्हाई ते. आमच्या घरात निरांजन नव्हतं, कुंकवाची डबी नव्हती. मग मी नाताळातली उरलेली मेणबत्ती काढली, पितळी ताटलीत मेणाचा थेंब सांडून त्यावर ती उभी केली आणि त्याच्या तोंडाभोवती फिरवली. हात लहान, ताटली जड. गरम मेण त्याच्या सदऱ्यावर सांडलं. त्याला चटका बसला असणार, पण तो हलला नाही. उशाखालून अर्धी पेन्सिल काढून त्यानं ताटलीत टाकली.

हे आमच्या पाळकांच्या कानावर गेलं. त्यांनी वडलांना विचारलं, मास्तर, घरात हे काय चालू झालंय. वडील म्हणाले, पोरगा आजारी होता, पोरीनं त्याला उजेड दाखवला. तेव्हापासून दर भाऊबीजेला दादा येत राहिला आणि मी मेणबत्तीनंच ओवाळत राहिले. पुढं तो शिकला, पुण्याला नोकरी केली, नगरला व्यवस्थापक होऊन आला, त्याचं लग्न झालं, मुलं झाली. पेन्सिलीच्या जागी लुगडं आलं. मेणबत्ती तीच, म्हणजे नाताळातली उरलेली.

वडील गेल्यावर मी त्या कंपनीत लागले. जाहिरात निघाली होती, परीक्षा झाली होती, बाराजणांत माझा वेग सगळ्यांत जास्त होता. तरी लोक म्हणायचेच, वशिल्यानं चिकटली. कुणाकुणाच्या तोंडाला हात लावणार? आम्ही दोघांनी आपापसांत एक शिस्त ठरवून टाकली होती. ऑफिसात ते साहेब आणि मी बाई, दोन्हीकडून तुम्ही. भाऊबीजेला आमच्या खोलीत तो दादा, आणि अरे-तुरे. ही शिस्त आठ वर्षं एकदाही मोडली नाही. पण मी तिशी ओलांडलेली, लग्न न झालेली, आणि साहेब वर्षातून एकदा माझ्या घरी येऊन जेवून जातात हे सगळ्यांना ठाऊक. 'साहेबांची बहीण' हे शब्द काही लोक असे काही उच्चारायचे, की ऐकणाऱ्यानं बहीण सोडून दुसरंच काहीतरी समजावं. मी ऐकून न ऐकल्यासारखं करायचे.

दुष्काळात कंपनीचं कंबरडं मोडलं. विहिरीत पाणीच नाही तर पंप घेणार कोण? कामगार रस्त्याच्या कामावर खडी फोडायला जायला लागले. शेवटी कंपनीनं सरकारी कर्ज घेतलं आणि धाप लागलेली चाकं पुन्हा हळूहळू फिरायला लागली. कर्जाबरोबर अटींचं भेंडोळं आलं. त्यात एक अट अशी, की व्यवस्थापकाचा कोणी नातेवाईक कंपनीत नोकरीला असेल, तर त्याच्या पगाराला सचिवालयाची मंजुरी घ्यायची. मंजुरी येईपर्यंत पगार द्यायचा नाही. अट काही वाईट नव्हती. दुसऱ्या एखाद्या कंपनीत मेहुणे-भाचे बसून खात असतील, तर सरकारनं का विचारू नये? पण आमच्याकडं तसं कोणी नव्हतं, त्यामुळं माझं त्या अटीकडं लक्षही नव्हतं.

नाताळ झाल्यावर मुंबईहून, सचिवालयाकडून, तक्ता आला. नाव, हुद्दा, पगार, आणि शेवटी 'व्यवस्थापकांशी नाते' असा रकाना. सोबत एक खोचक ओळ होती, की कंपनीत साहेबांनी आपल्या माणसांची सोय लावली असल्याबद्दल एक निनावी पत्र सरकारकडे आलं आहे, तरी माहिती काळजीपूर्वक भरावी. मी तक्त्याच्या प्रती टाइप केल्या आणि साहेबांच्या टेबलावर ठेवल्या. मला वाटलं, 'निरंक' लिहून परत येईल.

दुसऱ्या दिवशी तो आला. साहेबांच्या निळ्या शाईत, ठळक अक्षरांत माझं नाव. हुद्दा, टायपिस्ट. नाते, बहीण.

मी तो कागद घेऊन कंपनीच्या सेक्रेटरींकडं गेले. ते कायद्याचा कीस काढणारे, सदा पोटदुखीनं त्रासलेले, पण मनानं बरे गृहस्थ. त्यांनी कपाळावर हात मारला. मला तिथंच उभी करून ते साहेबांच्या खोलीत गेले, दार उघडंच होतं. त्यांचं म्हणणं साधं होतं. बाप वेगळा, जात वेगळी, धर्म वेगळा, कायद्याच्या कुठल्याही व्याख्येत ही बाई तुमची नातेवाईक होत नाही, मग आपणहून फास कशाला ओढून घेता? त्यावर साहेब जे बोलले ते मी दाराशी उभं राहून ऐकलं.

"इतकी वर्षं हिच्या हातून ओवाळून घेतोय. आज सरकार विचारतंय, ही तुमची कोण. आणि मी लिहू, कोणी नाही?"

सेक्रेटरी म्हणाले, मग निदान मानलेली बहीण असं तरी लिहा. साहेब म्हणाले, आधी मुंबईनं विचारू द्या, मग लिहू. त्यांच्या मनात काय होतं ते मला कळत होतं. ते निनावी पत्र, ते दबक्या आवाजातलं 'साहेबांची बहीण', हे सगळं त्यांना एकदाच सरकारी कागदावर बहीण असं लिहून गाडून टाकायचं होतं. मला त्या क्षणी फार बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. तक्ता रजिस्टर पोस्टानं गेला आणि पुढच्या महिन्यापासून माझा पगार बंद झाला.

पहिला महिना मी त्या अभिमानावर काढला. दुसऱ्या महिन्यात अभिमान पातळ झाला. घरात मी आणि आई. तिची शिलाई होती, पण तिच्या डोळ्यांनी सुईत दोरा ओवायला दोन मिनिटं लागायची. तिसऱ्या महिन्यात मी बस सोडली आणि वसाहतीपर्यंत चालत जायला लागले. तिथं पोचेपर्यंत पातळाच्या काठाला धूळ आणि टाचांना भेगा. मग दिवसभर टायपिंग, आणि त्यातली निम्मी पत्रं माझ्याच पगाराविषयी. स्वतःचा गळा आवळायची दोरी स्वतःच वळायची, असं काम होतं ते.

मुंबईनं विचारलं, बहीण म्हणजे सख्खी की सावत्र? साहेबांनी लिहायला सांगितलं, मानलेली. मुंबईनं कळवलं, 'मानलेली' या संज्ञेचा बोध होत नाही, नाते स्पष्ट करावे. साहेबांनी सांगितलं, भाऊबीजेचं नातं असं स्पष्ट लिहा. मी लिहिलं. मुंबईनं दीड महिन्यानं कळवलं, सदर नात्याबाबत सक्षम अधिकाऱ्याचा दाखला जोडावा.

सक्षम अधिकारी म्हणजे कोण, हे कोणालाच माहीत नव्हतं. सेक्रेटरींनी मला तहसील कचेरीत पाठवलं. मी तीन वेळा गेले. पहिल्यांदा तहसीलदार मिटिंगला होते, दुसऱ्यांदा कारकून रजेवर. तिसऱ्यांदा कारकून भेटला. पान खाणारा, पिकल्या मिशांचा, खेड्याकडचा माणूस. त्यानं माझं सगळं शांतपणे ऐकून घेतलं, अर्ज दोनदा वाचला आणि चष्मा काढून ठेवला.

"बाई, रगताचं आसंल तर दाखला देतो. दत्तकाचं आसंल तरी देतो. मानलेल्याचा दाखला आमी कुठून द्यायचा?"

मला वाटलं तो टर उडवतोय. पण त्याचा चेहरा पडला होता. त्यानं मला बसायला बाक दाखवला, माठातलं पाणी दिलं आणि म्हणाला, माझीबी एक हाय अशी बहीण, आष्टीकडं. मग अर्ज माझ्या हातात परत दिला. मी तशीच उन्हातून चालत निघाले आणि वाटेत, खरं सांगते, मला पहिल्यांदा दादाचा राग आला. सडकून आला. खरेपणा त्याचा आणि चटके मला. त्याचा पगार वेळेवर होत होता. त्याच्या घरी चहात साखर होती. निळ्या शाईनं बहीण लिहायला काय जातं?

त्यानं मदत केली नाही असं नाही. एकदा पहिल्या तारखेला वहिनी पैशांचं एक पाकीट घेऊन आमच्या खोलीवर आली होती. मी ते परत केलं. साहेबांकडून घरपोच पाकिटं येतात, हे एकदा चाळीत दिसलं असतं, म्हणजे त्या निनावी पत्र लिहिणाऱ्याला आयताच पुरावा. वहिनीला ते पटलं. जाताना तिनं आईच्या हातात गव्हाचं पीठ दिलं, ते मात्र आईनं ठेवून घेतलं, आणि मीही ते परत करायला लावलं नाही.

त्या दिवशी तहसीलहून आले तेव्हा आई शिलाईच्या मशीनवर बसली होती. मी सगळं सांगितलं. ती टाका घालत म्हणाली, "लिवून टाक कोनी न्हाई म्हनून. कागदाला काय कळतंय? देवाला कळतंय ते कळतंय." ती आयुष्यभर साधं बोलायची आणि तिच्या साध्या बोलण्यानं माझं डोकं हलकं व्हायचं. मी विचार केला, खरंच, कागदच तर आहे. कागदाला काय कळतंय?

आता आमच्या ऑफिसची एक पद्धत सांगायला हवी. दिवसभरात टाइप झालेली पत्रं संध्याकाळी सह्यांच्या फाइलीत घालून साहेबांपुढं ठेवायची. पत्राच्या खाली डाव्या कोपऱ्यात टाइप करणाऱ्यानं आपल्या नावाची आद्याक्षरं मारायची. दुसऱ्या टायपिस्टचं पत्र असलं की साहेब अक्षरन् अक्षर वाचायचे, लाल पेन्सिलनं खुणा करायचे. माझी अक्षरं दिसली की नुसती सही करायचे आणि पान उलटायचे. आठ वर्षांत मी त्यांना त्याबद्दल एकदाही पस्तावू दिलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी, सगळे जेवायला गेले असताना, मी मराठी मशीनवर कागद चढवला. लिहिलं, की आपल्या पत्रास अनुसरून कळविण्यात येते, की सदर महिला कर्मचारी ही माझी नातेवाईक नाही. तिचे व माझे कोणतेही नाते नाही. यापूर्वीच्या तक्त्यातील नोंद नजरचुकीने झाली असून ती रद्द समजावी. 'नाते नाही' या शब्दांपाशी मशीनची दांडी अडकली आणि मी ती करंगळीनं उचलली. फार थकले होते, एवढंच. खाली डाव्या कोपऱ्यात माझी आद्याक्षरं मारली आणि पत्र फाइलीत मधोमध, एका कोटेशनच्या आणि एका पोचपावतीच्या मध्ये सरकवलं.

संध्याकाळी मी टेबलासमोर उभी राहून बघत होते. त्यांनी कोटेशनवर सही केली. पान उलटलं, डावा कोपरा बघितला, सही केली. पान उलटलं. पोचपावतीवर सही केली. मग म्हणाले, बाई, आज लवकर जा, तोंड उतरलंय तुमचं. मी बरं म्हटलं.

मुंबईचं उत्तर या वेळी पंधरा दिवसांत आलं. नातं नाही, हे मान्य करायला सरकारला वेळ लागत नाही. नाते नसल्याने मंजुरीचा प्रश्न उद्भवत नाही, राखून ठेवलेला पगार अदा करण्यास हरकत नाही. सेक्रेटरींनी ते पत्र आधी वाचलं आणि आनंदानं मोठ्यांदा वाचून दाखवलं. त्यांना वाटलं, साहेबांनी शेवटी शहाणपणा केला. मलाही क्षणभर वाटलं, सुटले.

दुपारपर्यंत ते पत्र सगळ्या ऑफिसात फिरलं होतं. हिशेबाच्या टेबलावरचा एकजण, बडीशेप चघळत, माझ्याकडं न बघता पण मला ऐकू जाईल असं म्हणाला, नातं नाही म्हणतात, मग भाऊबीज कशाची करत होते? दोघं-तिघं हसले. मोठ्यानं नाही, तेवढंच. माझी बोटं मशीनवर तशीच राहिली. आई, कागदाला काही कळत नसेल, पण माणसं कागद वाचतात, हे तुझ्या ध्यानात आलं नाही आणि मी मनाआड केलं.

साहेबांनी मला आत बोलावलं. पुढ्यात मुंबईचं पत्र आणि आमच्या पत्राची ऑफिसात राहिलेली स्थळप्रत. त्यांनी डाव्या कोपऱ्यावर बोट ठेवलं होतं.

"हे तू लिहिलंस?"

ऑफिसात आठ वर्षांत पहिल्यांदा तू. मी हो म्हटलं. त्यांनी बोट तिथून स्वतःच्या सहीवर नेलं. मग हळू आवाजात म्हणाले, तुझी अक्षरं दिसली की मी वाचत नाही. ते चिडले असते तर मला सोपं गेलं असतं. पण ते चिडले नाहीत, आणि मग माझाच तोल गेला.

"खरं तुम्ही लिहिलंत, आणि पगार माझा बंद झाला," मी म्हटलं. "सहा महिने बिनपगारी राबतेय, चालत येते मी. तुमच्या एका शब्दासाठी."

मला वाटतं, सहा महिन्यांत हे त्यांच्या प्रथमच नीट ध्यानात आलं. ते खिडकीपाशी जाऊन उभे राहिले. माझ्याकडं पाठ करूनच म्हणाले, बाहेर ते काय बोलतात, ऐकलंस ना? तू माझी कोणी नाहीस, तर मी तुझ्या घरी येतो कशाला? हे उद्या कुणी माझ्या तोंडावर विचारलं, तर मी कुठला कागद दाखवू? खरं म्हणजे, मला हे टाइप करतानाच माहीत होतं. मी नाव आणि पगार यांतला पगार निवडला होता. पोट रिकामं असताना माणूस तेच निवडतो, आणि मला त्याची लाज वाटत नव्हती. पण ते हसू ऐकल्यावर वाटली.

मग ते खुर्चीत येऊन बसले. म्हणाले, पगार आता बिनबोभाट मिळतोय. तू म्हणशील तसं. नको म्हणालीस तर मी एक अक्षर लिहिणार नाही.

मी वही आणि पेन्सिल घेतली. एवढंच केलं. तोंडानं हो म्हणवलं नाही मला.

त्यांनी मजकूर सांगितला. यापूर्वीचे पत्र चुकीने पाठविण्यात आले. सदर कर्मचारी माझी बहीण आहे. मंजुरी मिळेपर्यंत तिचा पगार अदा केला जाणार नाही. मी उतरवून घेतलं. दाराशी पोचले तेव्हा ते म्हणाले, "आणि या वेळी मी वाचून सही करणार आहे."

त्यांनी ते पत्र दोनदा वाचलं. सेक्रेटरी चार दिवस आमच्या दोघांशीही बोलले नाहीत. आणि मी दोन आठवडे कळ काढून राजीनामा दिला. त्याशिवाय दुसरा मार्गच नव्हता. पगाराशिवाय आणखी एक पावसाळा आईच्या डोळ्यांवर काढणं मला जमणार नव्हतं. मिशनच्या एका दवाखान्यात केसपेपर लिहायला माणूस हवा होता, पगार जुन्यापेक्षा बराच कमी, पण महिन्याच्या महिन्याला हातात पडणारा. राजीनामा मीच टाइप केला. साहेबांनी तोही पूर्ण वाचला, सही करायला पेन उघडलं, परत बंद केलं, आणि शेवटी दुसऱ्या दिवशी सही केली.

दवाखान्यात लागून तीन-चार महिने झाले आणि दिवाळी आली. भाऊबीजेला तो येईल की नाही, मला खात्री नव्हती. तो येऊ नये म्हणून नाही, आणि यावा म्हणूनही नाही, पण मी सकाळी उठून पाट मांडला, ताटली घासली. दहाच्या सुमाराला दादा आला. वहिनी सोबत होती. तो थोडा वाळला होता. पाटावर बसायच्या आधी त्यानं खिशातून एक लांब सरकारी लिफाफा काढून माझ्या हातात दिला. दसऱ्यानंतर आलं म्हणाला.

पत्र मुंबईचं होतं. आपल्या कंपनीच्या व्यवस्थापकांची भगिनी, पुढं माझं नाव, हिच्या पगारास शासनाची मंजुरी देण्यात येत आहे. ही मंजुरी या पत्राच्या तारखेपासून लागू राहील. तारीख बघितली. माझ्या राजीनाम्यानंतरची, म्हणजे मागच्या सहा महिन्यांना ती लागू नव्हती आणि पुढच्या एकाही महिन्याला उपयोगाची नव्हती. मी ते दोनदा वाचलं. शिक्का होता, गोल, जांभळा. कुणीतरी, कुठल्या तरी टेबलावर, दाखला नसतानाच, कंटाळून म्हणा किंवा भलेपणानं म्हणा, मंजूर करून टाकलं होतं.

"आता याचं मी काय करू?" मी म्हटलं. मला हसू येत होतं आणि रडूही.

दादा म्हणाला, ठेव. पगारासाठी नाही. तुझ्यापाशी असू दे.

तो पाटावर बसला. आईनं कोपऱ्यातून म्हटलं, "आता तरी ववाळ बाई त्याला, सरकारची मंजुरी आली की." वहिनी पदर तोंडाला लावून हसायला लागली. त्या सहा महिन्यांचा पगार मला पुढं कधीच मिळाला नाही. त्याच्या त्या खरेपणाला मी मनातून पूर्ण माफी दिली असंही नाही, आजही नाही, आणि तो गेला त्या वर्षीही दिली नव्हती. त्याला ते माहीत होतं. मी ताटलीत मेणाचा थेंब सांडला, मेणबत्ती उभी केली, पेटवली.

"मागं सरक थोडा," मी म्हटलं. "मेण सांडेल अंगावर."

तो सरकला नाही.